‘लोकांना हेच हवंय’ म्हणणाऱ्यांसाठी एक नॉर्वेजियन दिग्दर्शक

टीव्ही, ओटीटी, वेबसिरीज, कशावरही टीका करा, समोरून तीन शब्दांचं उत्तर येतं: ‘लोकांना हेच हवंय.’ चॅनेलवाले टीआरपीचा कागद दाखवून म्हणतात, ओटीटीवाले डॅशबोर्ड दाखवून म्हणतात आणि आपल्यातलेच काही हुशार मित्र खांदे उडवून म्हणतात. वाद तिथेच संपतो, कारण लोकांच्या विरोधात कोण बोलणार? बोललात तर तुम्ही लगेच उच्चभ्रू.

माझं म्हणणं असं की हे वाक्य दोनदा चुकीचं आहे. एकदा इंजिनिअरिंगच्या हिशेबाने आणि एकदा इतिहासाच्या हिशेबाने. इंजिनिअरिंग माझं पोटापाण्याचं काम आहे, त्याबद्दल पुढे बोलतो. इतिहासासाठी मात्र मला तुम्हाला थेट ऑस्लोला न्यावं लागेल, कारण ज्या माणसाचं करिअर या वाक्याला सगळ्यात चोख उत्तर देतं तो तिथला आहे. आरिल्ड ब्रिंकमन. जन्म १९२२, मृत्यू १९८६. नाव ऐकलं नसेल तर वाईट वाटून घेऊ नका. न ऐकण्याचं कारणही याच लेखाचा भाग आहे.

फ्येर्नसिन म्हणजे दूरदर्शन, अक्षरशः

नॉर्वेजियन भाषेत टीव्हीला ‘फ्येर्नसिन’ म्हणतात. ‘फ्येर्न’ म्हणजे दूर, ‘सिन’ म्हणजे दर्शन. आपल्याकडे जो शब्द सरकारी वाटतो तोच शब्द तिथे साधा घरगुती आहे. योगायोग इथेच थांबत नाही. आपलं दूरदर्शन दिल्लीत १५ सप्टेंबर १९५९ रोजी प्रायोगिक स्वरूपात सुरू झालं. नॉर्वेत चाचणी प्रक्षेपणं १९५४ पासून चालू होती आणि २० ऑगस्ट १९६० रोजी राजे पाचवे ओलाव यांनी टीव्हीचं अधिकृत उद्घाटन केलं. म्हणजे हे दोन देश टीव्हीच्या बाबतीत जवळपास एकाच वर्गात शिकलेले.

त्या वेळचा नॉर्वे डोळ्यांसमोर आणा. लोकसंख्या साधारण ३६ लाख. आजच्या पुणे शहरातही याहून जास्त माणसं राहतात. देश लांबलचक, डोंगर आणि समुद्राच्या फाट्यांनी चिरलेला. एकेक ट्रान्समीटर डोंगरावर चढवत उत्तरेपर्यंत टीव्ही पोहोचवायला आणखी काही वर्षं लागली. नाटक म्हणजे ऑस्लो, बर्गन अशा मोजक्या शहरांची गोष्ट. गावोगावी नाटक नेण्यासाठी सरकारने १९४८ मध्ये कायदा करून ‘रिक्सथिएट्रेट’ ही फिरती नाट्यसंस्था काढली होती, पण फिरती मंडळी वर्षातून किती वेळा येणार? अगदी उत्तरेकडच्या ट्रॉम्सोला स्वतःचं व्यावसायिक नाट्यगृह मिळायला १९७१ साल उजाडलं.

या देशात टीव्ही चालवणारी संस्था एकच होती, एनआरके. सरकारी मालकीची, टीव्ही असलेल्या घरांकडून लायसन्स फी घेऊन चालणारी. चॅनेलही एकच. जाहिराती नाहीत, टीआरपी नाही. या संस्थेने टीव्हीचं रीतसर उद्घाटन व्हायच्या आधीच नाटकांचा स्वतंत्र विभाग उभा केला. त्याचं नाव ‘फ्येर्नसिन्सथिएट्रेट’, म्हणजे दूरदर्शन नाट्यगृह. १९५९ मध्ये त्याचा प्रमुख झाला सदतीस वर्षांचा ब्रिंकमन.

त्याआधी १९५८ या एकाच वर्षात त्याचे दोन सिनेमे आले होते, ‘उत आव मोर्केत’ (अंधारातून बाहेर) आणि ‘होयसोमर’ (ऐन उन्हाळा). पहिला एका मानसिक आजारी बाईबद्दलचा, म्हणजे १९५८ च्या मानाने काही हलका विषय नव्हे. दिग्दर्शकाने इथून पुढे काय करायचं असतं? तिसरा सिनेमा. ब्रिंकमन टीव्हीत गेला, जेव्हा टीव्ही म्हणजे नक्की काय हेच देशाला माहीत नव्हतं. तिथे आठ वर्षं काढली. मग १९६७ मध्ये तो नॉर्वेच्या सगळ्यात प्रतिष्ठेच्या नाट्यगृहाचा, नॅशनलथिएट्रेटचा प्रमुख झाला आणि १९७८ पर्यंत त्या खुर्चीत होता.

हा क्रम लक्षात घ्या. सिनेमा, मग टीव्ही, मग राष्ट्रीय रंगभूमी. आपल्या डोक्यात उतरंड अशी असते की रंगभूमी पवित्र, सिनेमा मोठा आणि टीव्ही पोटासाठी. त्या देशाने टीव्ही नाटकाच्या माणसाच्या हाती राष्ट्रीय रंगभूमी सोपवली. याचा अर्थ टीव्हीवरच्या नाटकाला तिथे उष्टं ताट समजत नव्हते.

दिवाणखान्यातून दिवाणखान्यात

‘टीव्हीवरचं नाटक म्हणजे रंगमंचावर कॅमेरा लावून केलेलं शूटिंग’ असं ज्यांना वाटतं त्यांनी त्या काळातला स्टुडिओ समजून घ्यावा. कॅमेरे जड, प्रत्येकाला जाडजूड केबल. एक कॅमेरा सरकला की त्याची केबल दुसऱ्याच्या वाटेत येऊ नये यासाठी आधी कागदावर सगळ्या हालचाली आखायच्या. बूमवर टांगलेला माईक नटांच्या डोक्यावरून फिरणार आणि त्याची सावली कुणाच्या चेहऱ्यावर पडता कामा नये. दिग्दर्शक वर कंट्रोल रूममध्ये, समोर प्रत्येक कॅमेऱ्याचा मॉनिटर आणि कुठलं चित्र कधी घ्यायचं हा निर्णय त्याच क्षणी. टेप दोन इंच रुंद आणि महाग. एडिटिंग म्हणजे ती टेप प्रत्यक्ष कापून जोडणं, त्यामुळे कापाकापी शक्य तितकी टाळायची. एखादा अंक सलग चित्रित करताना विसाव्या मिनिटाला नट अडखळला, तर पुन्हा पहिल्यापासून.

म्हणजे नाटकासारखी सलग तालीम, सिनेमासारखा क्लोजअप आणि लाईव्ह मॅचसारखा ताण, तिन्ही एकत्र. नटांची अडचण वेगळीच. शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोहोचवण्याची सवय असलेल्या माणसाला सांगायचं, की बाबा, प्रेक्षक तुझ्यापासून दोन फुटांवर आहे, हळू बोल. ही कला कुठल्या शाळेत शिकवत नव्हते. शिकवणारेच ती करत करत शिकत होते.

आणि आता इब्सेनचा विचार करा. ‘अ डॉल्स हाउस’ ही तीन अंकी गोष्ट एका मध्यमवर्गीय घराच्या दिवाणखान्यात घडते. रंगमंचावर तुम्ही ती अंधारात, अनोळखी लोकांच्या घोळक्यात बसून बघता. टीव्हीवर तुम्ही ती तुमच्याच दिवाणखान्यात बघता, शेजारी नवरा किंवा बायको बसलेली असते, आत मुलं झोपलेली असतात. नोरा नवऱ्याला समोर बसवून सांगते की आपण आठ वर्षांत एकदाही गंभीरपणे बोललो नाही. हे ऐकताना थिएटरात टाळी वाजेल. घरी कुणीतरी गप्प होईल. इब्सेन टीव्हीसाठी लिहून गेला होता असं वाटावं इतकं हे माध्यम त्याला चपखल बसतं.

ब्रिंकमनने हे ओळखलं होतं. नॅशनलथिएट्रेटचा प्रमुख असतानाही त्याने टीव्ही सोडला नाही. सत्तरच्या दशकात त्याने टीव्हीसाठी ‘अ डॉल्स हाउस’ केलं, त्यात लिसे फ्येल्सता नोरा होती. म्हणजे जगातल्या सगळ्यात प्रसिद्ध इब्सेन रंगमंचाची किल्ली खिशात असताना हा माणूस इब्सेनला टीव्हीच्या पेटीत घेऊन गेला. कारण रंगमंचासमोर काहीशे खुर्च्या होत्या आणि पेटीसमोर देश.

आता डेटाबद्दल बोलू

मी सॉफ्टवेअर इंजिनिअर आहे. दोन वर्षं एका व्हिडिओ ॲपच्या टीममध्ये होतो. कुणाला काय सुचवायचं, हे ठरवणारा भाग आमच्याकडे होता. एका मीटिंगमध्ये प्रादेशिक भाषांतल्या, जरा गंभीर अशा कार्यक्रमांचा विषय निघाला. प्रॉडक्टवाल्या साहेबांनी स्लाईड दाखवली: मराठीत या प्रकाराला क्लिकच नाहीत, ‘डिमांड नाही’. मी विचारलं, हे कार्यक्रम होम स्क्रीनवर कितव्या ओळीत होते? उत्तर आलं, नवव्या. नवव्या ओळीपर्यंत स्क्रोल करणारे किती? यावर पुढची स्लाईड आली.

यात काही रॉकेट सायन्स नाही. जो डेटा जमतो तो लोकांच्या इच्छेचा नसतो. जे दाखवलं गेलं त्यावर लोकांनी काय केलं, एवढाच तो असतो. जे दाखवलंच नाही त्याबद्दल डेटा गप्प असतो आणि जे बनलंच नाही त्याबद्दल तर तो असूच शकत नाही. मेस चालवणाऱ्याने रोज फक्त बटाट्याची भाजी करायची आणि महिन्याच्या शेवटी वहीत बघून म्हणायचं, की पोरांना बटाटाच आवडतो. वहीतला आकडा खराच आहे, त्यातून काढलेला निष्कर्ष तेवढा भंपक आहे.

आमच्या धंद्यात यावरचा उपाय सगळ्यांना माहीत आहे. सुचवणाऱ्या प्रणालीला दोन कामं करावी लागतात. एक ‘एक्सप्लॉइट’: जे चालतं हे माहीत आहे ते दाखवा. दुसरं ‘एक्सप्लोर’: ज्याबद्दल खात्री नाही असंही थोडं दाखवत राहा, नाहीतर तुमची माहिती शिळी होते आणि प्रणाली स्वतःचीच शेपटी चावत बसते. एक्सप्लोर करताना आजचा थोडा तोटा होतो, म्हणून तिमाहीचा आकडा गाठायची वेळ आली की पहिली कात्री तिथेच लागते. मग वर्षभराने तेच लोक तेच पाच प्रकार बघून म्हणतात, लोकांना हेच हवंय.

ब्रिंकमनचा विभाग म्हणजे एका देशाने जाणूनबुजून ठेवलेलं एक्सप्लोर बजेट होतं. जुनी नाटकं, नवी नाटकं, आपली, परक्यांची, आणि पुढे खास टीव्हीसाठीच लिहिलेली. १९६० मध्ये कुठल्याही गावात सर्व्हे केला असता तर ‘आम्हाला टीव्हीसाठी लिहिलेलं नाटक हवं’ असं एकाही माणसाने सांगितलं नसतं, कारण तसं काही असतं हेच कुणाला ठाऊक नव्हतं. आधी ते बनलं, मग लोकांनी पाहिलं, आणि त्यानंतर ते हवं की नको हे ठरवण्याची ताकद लोकांना आली. मागणी अशीच तयार होते. त्या रुजवणीतूनच पुढची पिढी आली: टीव्हीसाठी लिहून स्वतःच दिग्दर्शन करणारा स्वेर्रे उदनेस, किंवा हामसुनच्या कादंबऱ्यांवर १९७५ मध्ये ‘बेनोनी ओग रोसा’ ही मालिका करणारा पेर ब्रोंकन.

तीन आक्षेप

पहिला आक्षेप: नॉर्वे श्रीमंत आहे, त्यांना परवडतं. हा मला सगळ्यात आवडतो, कारण तो तारखेपुढे टिकत नाही. उत्तर समुद्रातल्या एकोफिस्कमध्ये तेलाचा मोठा साठा सापडला तो १९६९ च्या अखेरीस. ब्रिंकमन टीव्ही विभाग सोडून गेला १९६७ मध्ये. म्हणजे टीव्ही नाटकाचा अख्खा पाया तेलाच्या पैशाआधीचा आहे. तेव्हाचा नॉर्वे दरिद्री नव्हता, पण जहाजं, मासे आणि धबधब्यांवरची वीज यांवर चालणारा देश होता. पैसा नंतर आला.

दुसरा आक्षेप: एकच चॅनेल होतं, लोक बघणार नाहीत तर जातील कुठे? ही निवड नव्हे, जबरदस्ती आहे. यातला अर्धा भाग मला मान्य आहे. एकाच संस्थेच्या हातात सगळं असणं धोक्याचंच. तिथल्या चार माणसांना एखाद्या लेखकाचं तोंड आवडलं नाही, तर त्याला दुसरा दरवाजा नव्हता. त्यांना पाठीशी घालायचं मला कारण नाही. पण टीव्हीला बंद करण्याचं बटण तेव्हाही होतं. आणि आज शंभर चॅनेलांवर रात्री आठ वाजता एकाच साच्याची गोष्ट चालते, तिला मी निवड का म्हणू? एकाच मेसची शंभर ताटं मांडली तरी भाजी बटाट्याचीच.

शिवाय मक्तेदारी गेल्यावर काय झालं तेही बघू. नॉर्वेत १९९२ मध्ये टीव्ही-२ हे जाहिरातींवर चालणारं दुसरं राष्ट्रीय चॅनेल आलं. जुनं दूरदर्शन नाट्यगृह त्याच सुमारास, नव्वदच्या दशकाच्या तोंडावर, स्वतंत्र विभाग म्हणून संपलं. पण खात्री नसलेल्या गोष्टीवर पैसे लावण्याची एनआरकेची सवय संपली नाही. तुमच्यापैकी काहींनी ‘स्काम’ पाहिली असेल. २०१५ ते २०१७, चार सीझन. यूली आंदेमने सोळा वर्षांच्या मुलींसाठी बनवलेली, वेबसाईटवर त्या-त्या दिवशी त्या-त्या वेळेला छोट्या क्लिप टाकत सांगितलेली गोष्ट. ती एनआरकेचीच. लिहिण्याआधी त्या टीमने कुठल्या क्लिकचा आलेख पाहिला नाही, तर देशभरातल्या किशोरवयीन मुलांशी बसून लांबलचक मुलाखती केल्या. काय क्लिक करता, हे विचारलं नाही. कशाने झोप लागत नाही, कशाचं दडपण येतं, हे विचारलं. त्यातून निघालेली गोष्ट पुढे फ्रान्स, इटली, जर्मनी, स्पेन, अमेरिका अशा देशांनी आपापल्या भाषेत पुन्हा केली. ‘हवंय’ आणि ‘क्लिक केलं’ यांत केवढं अंतर असतं, याचा याहून ताजा पुरावा मला माहीत नाही.

तिसरा आक्षेप: भाषा छोटी असेल तर धोका पत्करता येत नाही. हे तर आपण रोज ऐकतो, ‘मराठी मार्केट लहान आहे हो.’ २०११ च्या जनगणनेत मराठी मातृभाषा असणारे ८ कोटी ३० लाख होते. ब्रिंकमनकडे ३६ लाख होते, त्यातही बोकमॉल आणि नीनॉर्स्क अशा दोन लिखित भाषांचा वाद घरोघरी. ‘लहान आहोत म्हणून करता येत नाही’ असं तो म्हणू शकत होता. तिथे उलटा विचार झाला: लहान आहोत, म्हणून स्वतःच करावं लागेल, बाहेरचा कुणी येऊन आपल्या भाषेत नाटक करणार नाही.

आणि आपल्याकडे हे कधी घडलंच नाही असंही नाही. १९३३ मध्ये ‘नाट्यमन्वंतर’ने ‘आंधळ्यांची शाळा’ हे नाटक आणलं, ज्याला मराठी रंगभूमीच्या इतिहासात नवं वळण मानतात. श्री. वि. वर्तकांनी ते ब्योर्नसन या नॉर्वेजियन लेखकाच्या नाटकावरून लिहिलं होतं. जो नियम बाईला तोच पुरुषाला, असं म्हणणाऱ्या मुलीचं ते मूळ नाटक. १९३३ मध्ये मुंबईत कुठल्या प्रेक्षकाने नॉर्वेजियन नाटकाची मागणी केली होती? चार-सहा वेड्या माणसांना ते करावंसं वाटलं, म्हणून ते झालं.

मग त्याचं नाव आपल्याला का माहीत नाही?

शेजारच्या स्वीडनमधला इंगमार बर्गमन जगाला माहीत आहे. ‘सीन्स फ्रॉम अ मॅरेज’ ही मुळात १९७३ ची टीव्ही मालिका, पण जग तिला ओळखतं ते सिनेमा म्हणून. ‘ट्वेल्व्ह अँग्री मेन’ हे आधी १९५४ मध्ये अमेरिकन टीव्हीवर झालेलं नाटक. त्याचा दिग्दर्शक फ्रँकलिन शाफ्नर. तुम्हाला आठवतो तो १९५७ चा सिडनी लुमेटचा सिनेमा, किंवा आपला ‘एक रुका हुआ फैसला’. सिनेमाच्या प्रिंटला थिएटरं मिळतात, महोत्सव मिळतात, समीक्षक मिळतात. टीव्ही नाटक एका रात्री सगळा देश बघतो आणि सकाळी ते कपाटात जातं. अनेक देशांत तर कपाटातही गेलं नाही. टेप महाग म्हणून तीच पुसून तिच्यावर दुसरं काही रेकॉर्ड केलं. बीबीसीने ‘डॉक्टर हू’चे कितीतरी भाग असे स्वतःच पुसून टाकले.

म्हणजे टीव्ही दिग्दर्शकाच्या विस्मृतीला त्याची गुणवत्ता जबाबदार नाही, साठवणुकीचे निर्णय जबाबदार आहेत. आणि साठवणूक हाही ‘डिमांड’चाच प्रश्न समजला जातो: कोण बघतंय जुनं? नॉर्वेने इथेही वेगळा निर्णय घेतला. १९८९ च्या कायद्याने पुस्तकांबरोबरच रेडिओ-टीव्हीचे कार्यक्रमही राष्ट्रीय ग्रंथालयाकडे जपणुकीसाठी देण्याची सोय झाली. हे ग्रंथालय मू इ राना या गावी डोंगर पोखरून केलेल्या भांडारात आपला ठेवा सांभाळतं. विसाव्या शतकातली नॉर्वेजियन पुस्तकं, लेखकांच्या संघटनांशी सामूहिक करार करून आणि त्यांना मोबदला देऊन, देशातल्या कुणालाही ऑनलाईन वाचता येतात. स्वामित्वहक्काचं कारण पुढे करून हात वर करण्याची त्यांनाही सोय होती. त्यांनी बसून करार केला.

आपल्याकडे मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झालं. ‘गजरा’, ‘चिमणराव’ ही नावं तुम्ही आई-वडिलांच्या तोंडून ऐकली असतील. त्यांचे निर्माते, विजया जोगळेकर-धुमाळे, याकूब सईद, विनय आपटे, हे आपले ब्रिंकमन. प्रसार भारतीने काही जुने कार्यक्रम यूट्यूबवर आणले, चांगलं केलं. पण ‘काही’ पुरेसं नाही. काय शिल्लक आहे, काय पुसलं गेलं, याची सार्वजनिक यादी तरी पाहिजे. ही यादी करायला एका चांगल्या डेटाबेसपलीकडे कुठलंही तंत्रज्ञान लागत नाही.

आणि ओटीटीवाल्यांकडे माझी मागणी त्यांच्याच भाषेत. तुमच्या होम स्क्रीनवर मराठीतल्या नव्या, अनोळखी कामाला पहिल्या तीन ओळींत किती वेळा जागा दिली, तो आकडा जाहीर करा. तो तुमच्या लॉगमध्ये आहे, मला माहीत आहे, मी तसले लॉग लिहिले आहेत. आधी जागा द्या, मग क्लिक मोजा. त्यानंतरही लोकांनी पाठ फिरवली तर खुशाल म्हणा की लोकांना ते नको. तोपर्यंत ‘लोकांना हेच हवंय’ हे वाक्य लोकांबद्दलचं नाही. तुम्ही काय मांडलंत, एवढंच ते सांगतं.